मालगुडीचा सूत्रधार

छोट्या पडद्याचे दिग्दर्शक : लेखांक ७

प्रायोजित मालिकांचा जन्म आपण मागच्या लेखांकात पाहिला. १९८४च्या ‘हम लोग’नंतर चौकट ठरून गेली. पैसा निर्मात्याने उभा करायचा, वेळ दूरदर्शनने द्यायची आणि मालिका तेरा भागांच्या हप्त्यांत मोजायची. आठवड्याला एक भाग, म्हणजे तेरा भागांत वर्षाचा पाव हिस्सा. या मापात दिग्दर्शकाने आपली मुद्रा उमटवायची कशी? शंकर नाग यांनी १९८६ मध्ये केलेली ‘मालगुडी डेज’ हे त्याचं उत्तम उत्तर आहे.

शंकर नागरकट्टे यांचा जन्म १९५४चा, उत्तर कन्नड जिल्ह्यातला. घरची बोली कोकणी. शिक्षण संपवून ते मुंबईला आले आणि मराठी रंगभूमीत रमले. पुढे पत्नी झालेल्या अरुंधती त्यांना भेटल्या त्याही नाटकाच्याच तालमीत. रँडच्या वधावरच्या ‘२२ जून १८९७’ या मराठी चित्रपटाच्या पटकथालेखनात नचिकेत पटवर्धनांबरोबर त्यांचाही वाटा होता. गिरीश कर्नाडांनी ‘ओंदानोंदु कालदल्ली’ (१९७८) या कन्नड चित्रपटात त्यांना नायक केलं. त्या भूमिकेला भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात पारितोषिक मिळालं. मग ‘ऑटो राजा’ने त्यांना पिटातल्या प्रेक्षकाचा लाडका हिरो केलं. कर्नाटकातल्या रिक्षांवर त्यांचं चित्र आजही दिसतं. मारामारीच्या चित्रपटांचा हा नायक आर. के. नारायण यांच्या सौम्य, मिस्कील कथांकडे वळला, याचं अनेकांना नवल वाटतं. त्यांच्यातला नाटकवाला लक्षात घेतला की ते वाटेनासं होतं.

नारायण यांचं मालगुडी नकाशावर नाही. सरयू नदी, मेंपीचे डोंगर, सगळं कल्पनेतलं. त्यांच्या ‘गाइड’वरचा हिंदी चित्रपट गोष्ट थेट राजस्थानात घेऊन गेला होता आणि लेखक त्यावर नाराज होते. शंकर नाग यांनी शिमोगा जिल्ह्यातलं आगुंबे निवडलं. घाटमाथ्यावरचं, धुवाधार पावसाचं हे लहानसं गाव. बरंचसं चित्रीकरण तिथे आणि आसपास झालं. पुस्तकातलं मालगुडी हे काही मलनाडचं गाव नव्हे. तरीही उतरती कौलं, लाकडी खांबांची ओसरी, मोकळा रस्ता हे सगळं भागामागून भाग दिसत राहिलं आणि प्रेक्षकांनी मालगुडी म्हणून तेच स्वीकारलं. स्थळ बदललं नाही म्हणून ते खरं वाटू लागलं. कला दिग्दर्शक जॉन देवराज आणि ‘घटश्राद्ध’चे छायालेखक एस. रामचंद्र यांचा यात मोठा हात आहे.

माणसांच्या बाबतीतही तेच. ही मालिका शंकर नाग यांनी जुन्या नाटकमंडळीसारखी चालवली. कन्नड रंगभूमीवरचे नट आज दुकानदार, उद्या शेजारी, परवा आणखी कोणी. रमेश भट यांच्यासारखे सहकारी वेगवेगळ्या भूमिकांत दिसतात. मोठी नावंही आली, पण गोष्टीच्या मापाने. स्वामीचे वडील कर्नाड झाले, मिठाईवाला जगन थोरले बंधू अनंत नाग झाले, तर स्वामी होता छोटा मंजुनाथ. पहिले तेरा भाग हिंदी आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषांत झाले. असं काम पाठांतराची आणि तालमीची सवय असलेल्या मंडळींनाच पेलतं.

तिसरी गोष्ट आटोपशीरपणाची. ‘पंचेचाळीस रुपये’ची कथा घ्या. कारकून वेंकटराव मुलीला सिनेमाला न्यायचं कबूल करतो, कचेरीत अडकतो, चिडून राजीनामा लिहितो आणि पगार पाच रुपयांनी वाढल्याचं कळताच तो मागे घेतो. घरी येईतो मुलगी झोपलेली. एवढीच गोष्ट. ही भूमिका विष्णुवर्धन यांच्यासारख्या कन्नड सुपरस्टारने केली. खलनायक नाही, योगायोग नाही, शेवटी उपदेश नाही. एका कथेला पुरेल तेवढाच वेळ घ्यायचा आणि थांबायचं. आर. के. लक्ष्मण यांची रेखाचित्रं आणि एल. वैद्यनाथन यांची धून यांनी प्रत्येक भागाला एकच उंबरठा दिला. म्हणून सुट्या कथांची ती एक सलग मालिका झाली.

शंकर नाग यांनी असे ३९ भाग केले. ३० सप्टेंबर १९९० रोजी दावणगेरेजवळ मोटार अपघातात ते गेले, तेव्हा ते ३५ वर्षांचे होते. अरुंधती नाग यांच्या पुढाकाराने २००४ मध्ये बेंगळुरूत ‘रंगशंकरा’ नाट्यगृह उभं राहिलं. २००६ मध्ये कविता लंकेश यांनी ‘मालगुडी’चे आणखी भाग केले. मालिकेत दिसलेल्या अरसाळू रेल्वे स्थानकात २०२० पासून मालगुडी संग्रहालय आहे.

आजच्या दैनंदिन मालिकेत रोजचा भाग उरकायचा असतो. त्यामुळे दिग्दर्शक मध्येच बदलला तरी प्रेक्षकाला पत्ता लागत नाही. ‘मालगुडी’तून शंकर नाग वजा करता येत नाहीत, कारण कॅमेरा लावण्याआधीच त्यांनी तीन गोष्टी ठरवल्या होत्या : गाव कोणतं, माणसं कोणती आणि थांबायचं कुठे. यातली एकही गोष्ट फार पैशाची नाही. तिन्ही निवडीच्या आहेत.

(पुढील लेखांकात : दूरदर्शनवरच्या सई परांजपे)