अनुकंपा नेमणूक

घरांतील मिळवता माणूस सरकारी सेवेंत असतांना अकस्मात् निधन पावला, म्हणजे दुःखाच्या पाठोपाठ पोटाचा प्रश्न उभा राहतो. अशा वेळीं कुटुंबांतील एकास सरकारी नोकरींत घेणें, यास अनुकंपा नेमणूक म्हणतात. बापाची जागा मुलास मिळते, हा समज मात्र चुकीचा आहे. नेमणूक होते ती कनिष्ठ वर्गांतील पदावर. मृताचा हुद्दा कांहींही असो.

राज्यघटनेच्या १६ व्या अनुच्छेदानें सरकारी नोकरींत सर्वांस समान संधि दिली आहे. ही नेमणूक त्यास अपवाद होय. म्हणून १९९४ सालीं उमेशकुमार नागपाल खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें सांगितलें, कीं हा वारसाहक्क नव्हे. ओढवलेल्या संकटांतून कुटुंबास सांवरणें, एवढाच तिचा हेतु. केंद्र सरकारनेंही तिला सरळ भरतीच्या शेंकडा ५ जागांची मर्यादा घातली आहे.

जागा थोड्या, उमेदवार पुष्कळ. त्यामुळें प्रतीक्षायादींत वर्षें जातात. विलंब लावूं नये, असें न्यायालयानें १९८९ सालींच सुषमा गोसाईं खटल्यांत बजावलें होतें. कारण फार काळ लोटला, कीं संकट टळलें असें मानून अर्जच नाकारला जातो. यास्तव कुटुंबानें अर्ज मुदतींत करणें जितकें अगत्याचें, तितकेंच कचेरीनें त्याचा निकाल सत्वर लावणेंही अगत्याचें आहे.