भजीं हलकीं होतात तीं कशानें?

आषाढ शुद्ध नवमीला महाराष्ट्रांत कांदेनवमी म्हणतात. पुढें दोनच दिवसांनीं एकादशी येते व चातुर्मासास आरंभ होतो. ज्या घरांतून चातुर्मासांत कांदा वर्ज्य मानतात, त्या घरांत या नवमीस त्याला थाटानें निरोप देण्याची चाल आहे. आणि त्या निरोपाच्या पंगतींत पहिला मान असतो तो कांद्याच्या भज्यांचा. बाहेर पावसाची झड लागलेली असावी, आंत कढईंत तेल बोलूं लागावें, आणि घरांतील लहानथोर मंडळींनीं स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशीं घोटाळत राहावें, हें दृश्य मराठी घरांत कोणास अपरिचित आहे?

अशाच एका नवमीचें चित्र क्षणभर डोळ्यांपुढें आणावें. घरांत दहा-बारा माणसें आहेत आणि तळणाला नवी सून बसली आहे. पहिला घाणा उत्तम उतरतो. मंडळी वाहवा करतात व ताटल्या पुढें सरसावतात. सुनेस घाई होते. ती कढई भरून वीस-पंचवीस भजीं एकदम सोडते. तेलाचा आवाज मंदावतो, भजीं बराच वेळ पांढुरकींच राहतात, आणि शेवटीं निघतात तीं तेलानें ओथंबलेलीं व आंतून गच्च. ती घाबरून पिठांत चमचाभर सोडा टाकते. पुढचीं भजीं फुगतात खरीं, पण अधिकच तेल पितात. मग सासूबाई, मनांत कांहीं किल्मिष नसतांना, सहज बोलून जातात, "भज्यांना हात लागतो, बाई!" शब्द साधा, पण तो तिच्या मनांत रुतून बसतो. पुढच्या वर्षीं ती तळणाला बसत नाहीं.

हा "हात" म्हणजे काय? तो जन्मतः मिळणारा प्रसाद आहे कीं कोणासही शिकतां येण्याजोगी विद्या आहे? भज्याच्या पोटांत काय घडतें हें एकदां समजून घेतलें, तर या प्रश्नाचें उत्तर आपोआप मिळतें. भजें हलकें होतें तें मुख्यतः वाफेनें. सोडा हा फार तर तिचा हाताखालचा नोकर. आणि ही वाफ पाणी, हवा व आंच या तिघांच्या मेळांतून निर्माण होते.

समुद्रसपाटीवर पाणी १०० अंश सेंटिग्रेडला उकळतें. तळणाचें तेल असावें लागतें १७० ते १८० अंश. अशा तेलांत भिजलेल्या पिठाचा गोळा पडला, कीं त्याच्या पृष्ठभागावरील पाण्याची तत्काळ वाफ होते. पाण्याची वाफ होतांना तें सुमारें सोळाशें पटींहून अधिक जागा व्यापतें. भज्याभोंवतीं जे बुडबुडे उसळतात ते तेलाचे नव्हेत. ती भज्यांतून बाहेर पडणारी वाफ होय. ही वाफ दोन कामें करते. आंतून ढकलून ती भज्यास फुगविते. आणि सतत बाहेर येत राहिल्यामुळें तेलाला आंत शिरूं देत नाहीं. जोंवर वाफ जोरानें बाहेर पडत आहे, तोंवर तेल दाराबाहेर तिष्ठत उभें असतें. भजें तेलकट होणें म्हणजे वाफेचा हा पहारा ढिला पडणें.

परंतु वाफेस फुगवावयास आंत कांहीं पोकळी हवी. ती हवेच्या सूक्ष्म बुडबुड्यांनीं मिळते, आणि हे बुडबुडे पिठांत आणण्याचें काम फेटण्यानें होतें. हरभऱ्याच्या डाळीच्या पिठांत प्रथिनें भरपूर असतात, व तीं फेस चांगला धरून ठेवतात. शिवाय गव्हाच्या पिठांत जो चिकट, रबरासारखा ताणला जाणारा पदार्थ तयार होतो, तो बेसनांत होत नाहीं. त्यामुळें गव्हाचें पीठ फार घोटलें तर पदार्थ चिवट होण्याचें भय असतें; बेसन जितकें फेटावें तितकें चांगलें.

आतां प्रत्यक्ष कृति. चार-पांच माणसांस एक वाटी बेसन घ्यावें व तें चाळावें. चाळल्यानें गुठळ्या मोडतात. त्यांत दोन चमचे तांदळाचें पीठ घातल्यास कुरकुरीतपणा येतो. चवीपुरतें मीठ, तिखट, चिमूटभर हळद, आणि हातावर चोळलेला अर्धा चमचा ओवा घालावा. पाणी एकदम ओतूं नये. प्रथम अर्ध्या वाटीहून कमी पाण्यांत पीठ घट्टसर कालवून घ्यावें, म्हणजे गुठळी राहत नाहीं; मग थोडें थोडें पाणी घालून तें सरबरीत करावें. एका वाटीस एकंदर अर्धी ते पाऊण वाटी पाणी पुरतें. पीठ जुनें कीं ताजें, बारीक कीं जाडसर, यावर थोडाफार फरक पडतो. बटाट्याची काप त्यांत बुडवून उचलली असतां पीठ तिला सर्व बाजूंनीं धरून राहावें व जादा तेवढें सावकाश ओघळावें, ही त्याची खूण. पीठ फार पातळ झालें तर तेलांत पसरतें. फार घट्ट राहिलें तर भजें दडस होतें.

नंतर तें पीठ एकाच दिशेनें पांच-सात मिनिटें हातानें किंवा पळीनें फेटावें. त्याचा रंग फिका होऊं लागतो व तें हातास हलकें लागतें. पुरेसें फेटलें गेलें कीं नाहीं हें पाहण्याची जुनी युक्ति सोपी आहे. वाटींत पाणी घेऊन त्यांत पिठाचा थेंब सोडावा. तो तळाशीं जाऊन बसला तर अजून फेटावें. वर तरंगूं लागला तर पिठांत पुरेशी हवा शिरली असें समजावें. मुगाची डाळ चार तास भिजवून, अगदीं थोड्या पाण्यांत वाटून केलेल्या भज्यांना ही कसोटी विशेष उपयोगी पडते. कारण त्यांत भाजीचा आधार नसून सर्व भिस्त फेटण्यावरच असते. बेसनाच्या सरबरीत पिठाचा थेंब लगेच बुडाला नाहीं, तरी पुरे.

मोहन घालावयाचें तें अगदीं शेवटीं. एका वाटीस दोन लहान चमचे कडकडीत तेल पुरे. त्यानें भजें खुसखुशीत होतें. पण स्निग्ध पदार्थ हा फेसाचा वैरी असल्यामुळें तें आधीं घालून मग फेटणें म्हणजे एका हातानें बांधून दुसऱ्या हातानें पाडणें होय. मोहनाचें प्रमाणही वाढवूं नये; तें फार झालें तर भजें तेलांत फुटतें.

आतां सोड्याविषयीं. खाण्याचा सोडा तापला कीं त्यांतून कर्बद्विप्राणिद वायु निघतो आणि पिठांत पोकळ्या पाडतो. चिमूटभर सोड्यानें नुकसान होत नाहीं. परंतु प्रमाण वाढलें कीं पोकळ्या मोठ्या होऊन एकमेकींत मिसळतात, कवच जाळीदार होतें, आणि त्या जाळींतून तेल आंत शिरतें. शिवाय मागें उरणाऱ्या क्षारामुळें चव साबणासारखी लागते, व डाळींतील ब-१ जीवनसत्त्वाचा कांहीं अंश नष्ट होतो. सोडा फार झाल्याची खूण डोळ्यांनाही दिसते: हळद क्षाराच्या संगतीनें तांबूस होते, आणि पिवळ्या भज्यावर लालसर ठिपके उमटतात. जें काम पांच मिनिटांच्या फेटण्यानें होतें, तें एका चमच्यानें उरकूं पाहणाराला हें मोल द्यावें लागतें.

भाजीचेंही एक शास्त्र आहे. बटाटा, घोसाळें, ओव्याचीं किंवा मायाळूचीं पानें हीं चातुर्मासांतही चालणारीं. त्यांचे काप पातळ व सारखे करावे, आणि पिठांत बुडविण्यापूर्वीं फडक्यानें कोरडे करून घ्यावे. ओल्या कापावरून पीठ घसरतें. कांद्याची तऱ्हा निराळी. उभा पातळ चिरलेला कांदा मीठ लावून दहा-पंधरा मिनिटें ठेवला, कीं मीठ त्यांतील पाणी बाहेर ओढतें. त्याच पाण्यांत मावेल तेवढेंच बेसन भुरभुरून हलक्या हातानें कालवावें. वरून पाणी जवळजवळ लागतच नाहीं. हीच खेकडा भजीं. त्यांत पीठ केवळ कांद्याचे धागे एकत्र बांधण्यापुरतें असतें, आणि हलकेपणा येतो तो त्या धाग्यांमधील मोकळ्या जागेमुळें. मात्र हें मिश्रण कालवून ठेवूं नये. मिठाचें काम चालूच राहतें, कांद्यास आणखी पाणी सुटतें, आणि पीठ सैल होत जातें. तेल तापल्यावरच पीठ मिसळावें.

यानंतर आंच. कढईंत निदान तीन बोटें खोल तेल असावें, म्हणजे भजें मोकळें तरंगतें. तेलांतून धूर निघूं लागला तर तें फाजील तापलें. तशा तेलांत भजें बाहेरून काळवंडतें व आंत कच्चें राहतें. पिठाचा थेंब टाकून पाहावा. तो खालीं जाऊन क्षणांत वर आला व त्याभोंवतीं बुडबुडे नाचूं लागले, कीं तेल तयार झालें. थेंब तळाशींच रेंगाळला तर थांबावें.

येथेंच त्या नव्या सुनेचा घात झाला होता. प्रत्येक भज्यांतील पाण्याची वाफ करण्यास उष्णता खर्ची पडते, आणि ती तेलांतूनच घेतली जाते. पांच-सहा भज्यांचा खर्च कढईस सोसतो. पंचवीस भजीं एकदम पडलीं तर तेल पाहतां पाहतां निवतें. मग कवच वेळेवर बांधलें जात नाहीं, वाफेचा जोर पडतो, आणि भजीं अधिक वेळ तेलांत लोळत राहतात. तेलाचा पृष्ठभाग निम्म्याहून अधिक झांकेल इतकीं भजीं कधींही सोडूं नयेत. दोन घाण्यांमध्यें तेलास पुन्हां तापण्यास मिनिटभर द्यावें.

या कामीं डोळ्यांइतकाच कानांचाही उपयोग होतो. आरंभीं कढईचा आवाज भरघोस असतो. भज्यांतील पाणी कमी होत जातें तसतसा तो बारीक होतो. पृष्ठभाग ओला असेपर्यंत त्याची उष्णता १०० अंशांच्या फारशी वर चढत नाहीं. तो सुकल्यावरच ती वाढते, आणि १४० अंशांच्या आसपास प्रथिनें व शर्करा यांच्या संयोगानें तो खमंग सोनेरी रंग येऊं लागतो. फ्रेंच रसायनज्ञ मायार यांनीं १९१२ सालीं या क्रियेचें वर्णन केलें, म्हणून ती त्यांच्या नांवानें ओळखली जाते. आवाज बारीक झाला, रंग सोनेरी आला, कीं भजें काढण्याची वेळ झाली.

काढल्यानंतरचीं दोन मिनिटेंही तितकींच महत्त्वाचीं असतात. भज्यांत बरेंचसें तेल शिरतें तें कढईंत नव्हे, तर कढईबाहेर आल्यावर! निवूं लागतांच आंतील वाफेचें पुन्हां पाणी होतें, तेथें पोकळी निर्माण होते, आणि ती बाहेर चिकटलेलें तेल आंत ओढून घेते. म्हणून झारा कढईवरच क्षणभर धरून निथळूं द्यावा, हलकेच झटकावा, आणि भजीं चाळणींत किंवा कागदावर एकेरी पसरावीं. रास करून वर झांकण घातलें तर बाहेर पडणारी वाफ भज्यांवरच बसते, व कुरकुरीत कवच मऊ पडतें.

उरलेलें तेल गाळून ठेवावें. त्यांतील जळके कण राहिले तर तें लवकर बिघडतें. तेल वारंवार तापविलें असतां काळें व दाट होतें, त्यावर फेस येतो, व तें कमी आंचेवरच धुरावूं लागतें. भारताच्या अन्नसुरक्षा व मानके प्राधिकरणानें तळणाच्या तेलांत बिघाडानें साचणाऱ्या ध्रुवीय संयुगांची कमाल मर्यादा २५ टक्के ठरविली असून हा नियम १ जुलै २०१८ पासून अंमलांत आहे. घरांत असें मोजमाप करतां येत नाहीं. तेथें रंग, वास, फेस व धूर याच चार साक्षी. असें तेल टाकून द्यावें. काटकसर करावयाची तर ती लहान कढई घेऊन व मोजकें तेल ओतून करावी.

मराठी गृहिणींना "अंदाजानें" करण्याची सवय फार जुनी. कमलाबाई ओगले यांचें "रुचिरा" हें पुस्तक १९७० सालीं निघालें, तेव्हां त्यांतील वाटी-चमच्याच्या मापांनीं कितीएक नवशिक्या मुलींस धीर दिला. अंदाज हा वाईट नव्हे. परंतु तो दहा वेळां मोजल्यानंतर अकराव्या वेळीं येतो. ज्यांना तो आलेला असतो, त्यांना आपण कधीं काळीं मोजत होतों याचा विसर पडतो, आणि मग त्यास "हात" हें नांव मिळतें.

ती सून पुन्हां तळणाला बसेल, तर यंदा तिनें एवढेंच करावें: पीठ मोजून भिजवावें, मन लावून फेटावें, सहा-सहाच भजीं सोडावीं, आणि बाहेरच्या हांकांनीं गडबडून जाऊं नये. खाणारांनींही तिच्या कामांत आपला वांटा उचलावा. भज्यांनीं माणसांची वाट पाहिली तर तीं मऊ पडतात. माणसांनीं भज्यांची वाट पाहिली तर भूक तेवढी वाढते. आणि सासूबाईंनीं पहिलें भजें तोंडांत टाकून विचारलें, "पाणी किती घातलेंस ग?" तर तिला उत्तर देतां यावें, "पाऊण वाटीला थोडें कमी, आई."