छोट्या पडद्यामागची सई

निरगुडसरच्या पंचक्रोशीतील मुलांना तमाशा म्हणजे काय, हे सांगावे लागत नाही. गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावात तमाशाच्या फडांच्या राहुट्या लागतात. गावोगावचे लोक तेथे जातात आणि आपल्या यात्रेसाठी फडाला सुपारी देतात. यात्रेच्या रात्री सोंगाड्याने विनोद केला, की समोरची माणसे हसली की नाही हे त्याला तत्काळ कळते. ती हसली नाहीत, तर तो पुढचे वाक्य तिथल्या तिथे बदलतो.

पण ज्याला प्रेक्षक दिसतच नाहीत, त्याने लोकांना कसे हसवावे? दूरचित्रवाणीवर करमणुकीचे कार्यक्रम करणाऱ्यांपुढे हा प्रश्न रोज उभा असतो. सई परांजपे यांनी अनेक वर्षे हेच काम केले.

आपल्या देशात दूरचित्रवाणी सुरू झाली ती दिल्लीत, 15 सप्टेंबर 1959 रोजी. तेव्हा आठवड्यातून फक्त दोन दिवस थोडा वेळ कार्यक्रम दाखवत. 1965 पासून ते रोज दिसू लागले. दूरदर्शन हे तेव्हा आकाशवाणीचेच एक अंग होते. ते वेगळे झाले 1976 साली. अशा बाल्यावस्थेतील दूरचित्रवाणीत सई परांजपे निर्माती आणि दिग्दर्शिका म्हणून काम करू लागल्या.

त्यांचा जन्म 19 मार्च 1938 चा. घर विद्वानांचे. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे हे नामवंत गणितज्ञ आणि पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्य होते. आई शकुंतला परांजपे यांनी कुटुंबनियोजनाचे काम केले आणि त्या राज्यसभेच्या सदस्यही होत्या. सई आठ वर्षांची असताना तिचे ‘मुलांचा मेवा’ हे गोष्टींचे पुस्तक छापले गेले. पुढे पुणे आकाशवाणीवर त्यांनी निवेदिका म्हणून काम केले. रेडिओवर चेहरा दिसत नाही, फक्त आवाज ऐकू येतो. एक शब्द अडखळला तरी ऐकणाऱ्याच्या ते लगेच ध्यानात येते. नेमके आणि वेळेत बोलण्याची ही शिस्त त्यांना नंतर फार उपयोगी पडली असणार, असे मला वाटते.

त्यानंतर त्या दिल्लीला गेल्या आणि 1963 मध्ये राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या पदवीधर झाल्या. त्या काळी तेथे इब्राहिम अल्काझी संचालक होते. अल्काझींचा जन्मही पुण्याचाच. त्यांची शिस्त मोठी कडक. रंगमंचावरची एक खुर्ची जरी जागा चुकली, तरी ती त्यांच्या नजरेतून सुटत नसे.

आता निर्माता आणि दिग्दर्शक नेमके करतात काय, ते पाहू. कार्यक्रम कोणता करायचा, तो कोणी लिहायचा, कोणी काम करायचे, खर्च किती, वेळ किती, हे सारे निर्माता ठरवतो. पडद्यावर काय आणि कसे दिसेल, ते दिग्दर्शक ठरवतो. सुरुवातीच्या दूरचित्रवाणीत ही दोन्ही ओझी बहुधा एकाच माणसाच्या खांद्यावर असत.

नाटक थेट प्रक्षेपित होणार असेल, तर गंमत विचारूच नका. स्टुडिओ म्हणजे एक मोठी बंद खोली. तिच्या एका कोपऱ्यात बैठकीची खोली मांडलेली, तर दुसऱ्या कोपऱ्यात बाग. मधल्या जागेत दोन-तीन कॅमेरे चाकांवर फिरत असतात. दिग्दर्शक मात्र तेथे नसतो. तो शेजारच्या नियंत्रण कक्षात, काचेमागे बसतो. प्रत्येक कॅमेऱ्याचे चित्र त्याच्यासमोर वेगवेगळ्या पडद्यावर येत असते. त्यांपैकी कोणते चित्र घरोघरी पोहोचवायचे, हे त्याने क्षणार्धात सांगायचे. बैठकीतला प्रवेश चालू असतानाच पुढच्या प्रवेशातली नटी पाय न वाजवता धावत बागेत जाऊन उभी राहते. कोणी खोकला, तर तो खोकला साऱ्या शहराला ऐकू जातो. चित्रपटात चूक झाली तर तेच दृश्य पुन्हा घेता येते. येथे ‘पुन्हा’ हा शब्दच नाही. शिवाय ध्वनिचित्रफिती महाग होत्या. त्यामुळे त्या काळच्या कितीतरी नाटकांचे असे झाले, की ज्यांनी त्या संध्याकाळी पाहिले, त्यांनीच ते पाहिले.

1972 मध्ये सई परांजपे यांच्या ‘द लिटल टी शॉप’ या दूरचित्रवाणीसाठी केलेल्या चित्रपटाला तेहरान येथे आशियाई प्रसारण संघाचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी 2 ऑक्टोबरला मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले आणि त्याच्या उद्घाटनाचा कार्यक्रम करण्यासाठी त्यांचीच निवड झाली. पुढल्या वर्षी सिंहगडावर सहक्षेपण केंद्र उभे राहिले आणि मुंबईचे कार्यक्रम पुण्यात दिसू लागले.

छोट्या पडद्यासाठी लिहिलेले एखादे नाटक विसरले जाऊ नये असे वाटले, की सई परांजपे त्याच्यावर पुन्हा काम करीत. त्यांच्या ‘रैना बीती जाये’ या दूरचित्रवाणी नाटकातून ‘स्पर्श’ हा चित्रपट जन्मला, तर ‘धुआँ धुआँ’मधून ‘चश्मे बद्दूर’.

‘स्पर्श’ 1980 मध्ये प्रदर्शित झाला. अंध मुलांच्या शाळेचा मुख्याध्यापक अनिरुद्ध स्वतःही अंध आहे. नसीरुद्दीन शाह यांनी ही भूमिका केली. कविता नावाची स्त्री, म्हणजे शबाना आझमी, त्याच्या कार्यालयात येते. तो तिला कॉफी देऊ लागतो. ती मदतीसाठी हात पुढे करते आणि तो संतापतो. दयेने पुढे केलेला हात त्याला नको असतो. वर्गात कुबडी घेऊन येणाऱ्या किंवा जाड भिंगाचा चश्मा लावणाऱ्या मुलाला आपण न विचारता हात देतो, तेव्हा त्याला काय वाटत असेल? हा चित्रपट पाहण्यापूर्वी मी स्वतः याचा कधी विचार केला नव्हता. चित्रपटाचे चित्रीकरण दिल्लीच्या अंध मुलांच्या खऱ्या शाळेत झाले आणि तेथील मुलांनीच त्यात कामे केली. ती मुले खेळतात, भांडतात, खोड्या काढतात. ‘बिचारी’ म्हणून ती कोठेच दिसत नाहीत. उत्कृष्ट हिंदी चित्रपट, उत्कृष्ट अभिनेता आणि उत्कृष्ट पटकथा असे तीन राष्ट्रीय पुरस्कार ‘स्पर्श’ला मिळाले. पटकथा सई परांजपे यांचीच होती.

‘चश्मे बद्दूर’ (1981) या नावाचा अर्थ उर्दू जाणणाऱ्यांना सांगायला नको. मराठी घरांत मीठमोहऱ्या ओवाळून दृष्ट काढतात, त्यामागची भावना तीच. दिल्लीत एकत्र राहणाऱ्या तीन मित्रांची ही कथा आहे. त्यांतले दोघे एका मुलीबद्दल खोट्या बढाया मारतात. तिसरा अभ्यासू सिद्धार्थ, म्हणजे फारुख शेख, लाजरा आहे. ती मुलगी, म्हणजे दीप्ती नवल, कपडे धुण्याची पावडर विकायला त्याच्याच दारात येते आणि बादलीत टॉवेल धुऊन दाखवू लागते. खाली पानाच्या ठेल्यावर लल्लन मियाँ सिगारेटच्या उधारीची वाट पाहत असतात. सईद जाफरी यांनी ते रंगवले. मोठा प्रसंग असा काहीच नाही. एक खोली, एक बादली, एक पानाचा ठेला. एवढ्याच सामानात काम भागवायला सई परांजपे स्टुडिओत शिकल्या होत्या. या विनोदात कोणाची जात, भाषा किंवा व्यंग हसण्यासाठी घेतलेले नाही. हसू येते ते बढाईखोरांचे. विनोदाची ही रीत अवघड आहे. व्यंगावर हसवणे फार सोपे असते.

पुढे 1983 मध्ये त्यांनी ‘कथा’ केला. ससा आणि कासव यांची गोष्ट मुंबईच्या चाळीत घडते, अशी त्याची कल्पना आहे. एका मराठी नाटकावरून तो घेतला होता. त्यानंतर ‘अडोसी पडोसी’ (1984) आणि ‘छोटे बडे’ (1985) या मालिकांसाठी त्या पुन्हा छोट्या पडद्याकडे वळल्या. मराठी रंगभूमीवरही त्यांनी लेखन-दिग्दर्शन केले आणि बालचित्रपट संस्थेचे अध्यक्षपद दोनदा सांभाळले. 2006 मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले. ‘सय’ हे त्यांचे आत्मकथन 2016 मध्ये आले. सय म्हणजे आठवण. त्यांचे स्वतःचे नावही त्या शब्दाच्या अगदी जवळचे आहे.

एप्रिल 2013 मध्ये ‘चश्मे बद्दूर’ची प्रत स्वच्छ करून तो पुन्हा चित्रपटगृहांत लावण्यात आला. बत्तीस वर्षांनी नव्या पिढीतील मुले-मुली तिकीट काढून गेली आणि त्या टॉवेल-बादलीच्या प्रसंगाला अंधारात हसली.