परीक्षकांचा निर्णय आणि विद्यार्थ्याचा हक्क

"परीक्षकांचा निर्णय अंतिम राहील." स्पर्धेच्या पत्रकाच्या तळाशीं छापलेलें हें वाक्य आपण सर्वांनीं वाचलेलें असतें, त्याचा कायद्यांत अर्थ काय, हें मात्र घरांतलें मूल हरून रडत आल्यावांचून सहसा कोणी विचारीत नाहीं.

केरळांत हा प्रश्न वारंवार विचारला गेला आहे. १९५७ सालीं एर्नाकुळम् येथें त्या राज्याचा शालेय कलामहोत्सव प्रथम भरला. उपजिल्हा, जिल्हा आणि राज्य अशा पायऱ्या चढत मुलें त्याच्या रंगमंचावर पोहोंचतात. तेथें वरची श्रेणी मिळाल्यास शालान्त परीक्षेंत वाढीव गुण देण्याची प्रथा असल्यामुळें जिल्ह्यांतलें दुसरें स्थान म्हणजे केवळ हुकलेला चषक नव्हे. पुढची वाटच त्यानें बंद होते. मग अपील-समितीकडे तक्रार जाते, आणि तेथें दाद लागली नाहीं तर पालक थेट उच्च न्यायालय गाठतात.

तेथें काय घडतें, तें समजून घेण्यासारखें आहे. बक्षीस मिळण्याचा हक्क कायद्यानें कोणालाहि दिलेला नाहीं. अमकीचा अभिनय सरस कीं तमकीचा, या वादांत न्यायाधीश पडत नाहींत. तेवढ्यापुरता परीक्षकांचा शब्द खरोखरच अखेरचा. २०२२ च्या डिसेंबरांत केरळ उच्च न्यायालयानें या महोत्सवाविषयींच्या कांहीं याचिका फेटाळल्या. मुलांचा पराभव पालकांनाच पचत नाहीं आणि त्यामुळें मुलें निराशेच्या गर्तेंत ढकललीं जाण्याचा संभव असतो, असेंहि न्यायमूर्तींनीं त्या वेळीं बोलून दाखविलें. बोल कडू खरे, पण अनाठायीं नव्हेत.

परंतु निर्णय कोणता झाला हें न्यायालय तपाशीत नसलें, तरी तो कसा झाला हें तें तपासूं शकतें. समजा, नियमांत तीन परीक्षक सांगितले असतां दोघांनींच गुण दिले, बेरीज चुकली, वेळेचें बंधन एका स्पर्धकाला लावलें व दुसऱ्याला सोडलें, किंवा स्पर्धकाचा गुरूच परीक्षकाच्या खुर्चीवर बसला. यांत रसिकतेचा प्रश्न कोठें आहे?

गुरूच्या गोष्टीला तर एक नामांकित दाखला आहे, मात्र तो शाळेंतला नसून वनखात्यांतला. जम्मू-काश्मीरमधील वनाधिकाऱ्यांची निवड करणाऱ्या मंडळाचा एक सभासद स्वतःच उमेदवार होता. स्वतःचें नांव निघालें तेव्हां तो बैठकींतून बाजूला झाला. प्रतिस्पर्ध्यांच्या नांवांचा विचार चालला असतां मात्र तो हजर होता. १९६९ सालीं सर्वोच्च न्यायालयानें ती निवड रद्द ठरविली. पक्षपात झालाच, हें कोणास सिद्ध करावें लागलें नाहीं. त्याचा वाजवी संभव होता, तेवढें पुरलें.

आतां पुराव्याचें पाहूं. गुण कसे दिले हें कळल्यावांचून तक्रार तरी कशाच्या आधारें करावयाची? १९८४ सालीं महाराष्ट्राच्या परीक्षा-मंडळाच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल फिरवून, उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क विद्यार्थ्यांना नाहीं, असें ठरविलें होतें. माहितीचा अधिकार २००५ सालीं आला आणि २०११ सालीं त्याच न्यायालयानें, स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा परीक्षार्थीचा हक्क मान्य केला. स्पर्धा सरकारी खात्यानें भरविली असेल, तर गुणपत्रक पाहूं द्या अशी मागणी याच कायद्याखालीं करतां येते. अडचण एवढीच कीं, उत्तरासाठीं कायदा तीस दिवस देतो आणि पुढची फेरी बहुधा त्यापूर्वींच उरकलेली असते.

खाजगी मंडळानें भरविलेल्या स्पर्धेचा मामला निराळा. तेथें उच्च न्यायालयाचा रिट सहसा चालत नाहीं. प्रवेशशुल्क आणि छापील नियम यांतून जो करार होतो, त्यावर भिस्त ठेवावी लागते. मात्र न्यायालयाची वाट समूळ बंद करणारी अट १८७२ च्या करारकायद्याच्या २८ व्या कलमानें निरर्थक ठरते, हें ध्यानांत ठेवावें. १९११ सालीं निकाल लागलेल्या इंग्लंडांतील एका खटल्यांत सौंदर्यस्पर्धेच्या चालकानें अखेरच्या पन्नासांतील एका तरुणीला निवडीस हजर राहण्याची वाजवी संधि दिली नाहीं. ती बारा विजेत्यांत आलीच असती असें कोणी सांगूं शकत नव्हतें. तरी हुकलेल्या संधीचें मोल म्हणून तिला शंभर पौंड भरपाई मिळाली.

हरकत नोंदवावयाची ती त्याच दिवशीं, लेखी, आणि कोणता नियम मोडला हें दाखवून. 'आमच्या मुलीवर अन्याय झाला' एवढेंच लिहून भागत नाहीं. गुणपत्रकें जपून ठेवावीं अशी मागणी त्याच अर्जांत करावी, व पोंच घेतल्यावांचून परतूं नये. मूल अठरा वर्षांखालील असल्यास पुढें न्यायालयांतील अर्ज पालकांमार्फत जातो. अर्जदार म्हणून नांव मात्र मुलाचें लागतें. तेव्हां अर्ज करावयाचा कीं नाहीं, हें आधीं त्यालाच विचारलेलें बरें.