सीमा पुसली, हिस्सा राहून गेला

१९४८ पूर्वी मोखाड्याहून जव्हारच्या बाजाराला निघालेला माणूस वाटेत राज्याची हद्द ओलांडत असे. मोखाडा ब्रिटिशांच्या ठाणे जिल्ह्यात, तर जव्हार म्हणजे मुकणे घराण्याचं संस्थान. जेमतेम तीनशे चौरस मैलांचा मुलूख, तोही सलग नाही. दोन तुकडे आणि मध्ये ब्रिटिश हद्द. १९०१ च्या जनगणनेत इथली लोकवस्ती पन्नास हजारांच्या आत होती. पण गादी जुनी. दिल्लीच्या सुलतानाने १३४३ मध्ये तिला मान्यता दिल्याचं सांगतात. महसूल आपला, जंगल आपलं, आणि १९१८ पासून जव्हार गावाला आपली नगरपालिका.

१९४८ मध्ये संस्थान मुंबई प्रांतात विलीन झालं. सीमा पुसली गेली ते चांगलंच झालं. संस्थानी राजवटीत वारली, कोकणा, ठाकूर, कातकरी माणसाला कसलाही आवाज नव्हता. पण विलीनीकरण हाही एक करार असतो आणि प्रत्येक करारात देणं-घेणं ठरतं. देशभरच्या संस्थानिकांना गादीच्या बदल्यात तनखे ठरवून मिळाले. ते १९७१ पर्यंत चालले. जव्हारच्या डोंगरावर राहणाऱ्या रयतेच्या नावाने मात्र कुठलंच कलम लिहिलं गेलं नाही. पुढच्या पाऊणशे वर्षांचा हिशेब इथून सुरू होतो.

गरीब शेजारी देश एकत्र बाजार मांडतात तेव्हा नेमका याच कलमावरून वाद होतो. केनिया, युगांडा आणि टांझानियाने १९६७ मध्ये पूर्व आफ्रिकी समुदाय स्थापन केला. रेल्वे सामायिक, विमान कंपनी सामायिक. पण कारखाने गेले नैरोबीकडे, कारण रस्ते, बँका, वीज आधीपासून तिथे होती. उरलेल्या दोघांच्या वाट्याला केनियाचा माल विकत घेणं आलं. त्यात युगांडाचा इदी अमीन आणि टांझानियाचे न्येरेरे यांचं हाडवैर. १९७७ मध्ये संघ मोडला आणि तो पुन्हा उभा राहायला २००० साल उजाडलं. दक्षिण आशियाने यातून थोडा धडा घेतला. २००६ पासून लागू झालेल्या ‘साफ्टा’ या मुक्त व्यापार करारात जकात कमी केल्याने सर्वांत गरीब सदस्यदेशांचा जो महसूल बुडेल, त्याच्या भरपाईची तरतूद आहे. व्यापार फारसा वाढला नाही, कारण दिल्ली आणि इस्लामाबादचं जमत नाही. तरी दुबळ्याचं नुकसान कागदावर मान्य झालं, याला मी महत्त्व देतो.

जव्हार-मोखाड्याशी सगळ्यांत जवळचं उदाहरण मात्र आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला सापडतं. लेसोथो हा चारही बाजूंनी दक्षिण आफ्रिकेने वेढलेला डोंगराळ देश. पाऊस, उंच डोंगर, थोडी शेती, आणि बाप्ये शेजारच्या देशात खाणीत कामाला. खाली जोहान्सबर्गचा कारखानदारी पट्टा तहानलेला. २४ ऑक्टोबर १९८६ रोजी दोन देशांत पाण्याचा करार झाला. लेसोथोत धरणं बांधायची, बोगद्यांतून पाणी वाल नदीकडे वळवायचं. पाणी स्वतःच्याच हद्दीतून उचललं असतं तर दक्षिण आफ्रिकेला जो जादा खर्च आला असता, त्यातल्या बचतीचे ५६ टक्के लेसोथोला आणि ४४ टक्के स्वतःकडे, अशी वाटणी ठरली. १८५ मीटर उंचीच्या कात्से धरणातून १९९८ मध्ये पाणी सुरू झालं. स्वामित्वधनाची रक्कम आजही लेसोथोच्या तिजोरीत जमा होते.

या कराराला काळी बाजूही आहे. त्याच १९८६ च्या जानेवारीत दक्षिण आफ्रिकेने लेसोथोची नाकेबंदी केली, लष्कराने सत्ता उलथवली आणि त्या नव्या राजवटीने करारावर सही केली. प्रकल्प प्राधिकरणाच्या प्रमुखाला २००२ मध्ये लाचखोरीबद्दल शिक्षा झाली. धरणात जमिनी गेलेली कुटुंबं भरपाईसाठी वर्षानुवर्षं भांडत राहिली. लेसोथो आजही गरीब आहे. तरीही डोंगरातल्या पाण्याला किंमत आहे आणि ती डोंगराला द्यायची असते, हे तिथे दोन सरकारांच्या सहीने ठरलेलं आहे.

आता मोखाडा. इथे पावसाळ्यात अडीच-तीन हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो आणि कातळावरून थेट वैतरणेत, वाघ नदीत, पिंजाळात उतरतो. तालुक्यातल्या कोचाळे गावाजवळ मुंबई महापालिकेने मध्य वैतरणा धरण बांधलं. उंची शंभर मीटरहून अधिक. २०१४ पासून मुंबईला रोज ४५५ दशलक्ष लिटर पाणी वाढवून मिळालं. हे पाणी नदीतून मोडकसागरात जातं आणि तिथून नळाने शहरात. त्याच तालुक्यातल्या पाड्यांवर मार्च सरला की टँकरची वाट बघणं सुरू होतं. टँकर येतो, पाणी विहिरीत ओततो आणि निघून जातो. मग काठावर हंड्यांची रांग लागते. दोरीला बांधलेली कळशी तळाशी खरवडत जाते, गढूळ पाणी वर येतं, बाई ते पदरातून गाळून हंड्यात ओतते आणि पुढचीला जागा करून देते. मुंबईची पालिका अप्पर वैतरणा आणि भातसा या शासनाच्या धरणांतल्या पाण्याचा आकार भरते, तो जलसंपदा खात्याकडे. पाणलोटातल्या तालुक्याच्या नावाने त्यातलं काहीही वेगळं काढलं जात नाही.

माणसांचंही तसंच. भात, नागली, वरई घरात आली, दिवाळी झाली की पाड्यावर मुकादम येतो. उचल आधीच दिलेली असते. टेम्पोत भांडी, गोधड्या, कोंबड्या, लेकरं चढतात आणि भिवंडी, वसई, कल्याणकडच्या वीटभट्ट्यांवर नाहीतर बांधकामांवर कुटुंब जातं. कुठे गेले म्हणून विचारलं तर मागे राहिलेली म्हातारी सांगते, ‘जगायला गेलीत.’ पावसाच्या तोंडावर परत आल्यावर मुकादम उचल वजा करतो. हातात काय उरतं ते त्याच्या वहीवर ठरतं. लेसोथोने १९७४ मध्ये कायदा करून खाणकामगाराच्या मजुरीचा ठरावीक हिस्सा मायदेशातल्या बँकेतच जमा व्हावा, अशी सोय केली होती. कामगारांना ती जाचक वाटे, पण गावात पैसा पोहोचे. आपल्याकडे स्थलांतरित मजुरांसाठी १९७९ मध्ये कायदा झाला, तो केवळ राज्याची हद्द ओलांडणाऱ्यांसाठी होता. जव्हारचा माणूस सिल्वासाला गेला तर त्या कायद्यात बसायचा, भिवंडीला गेला तर नाही. १९९२ मध्ये जव्हारच्या वावर-वांगणीत बालमृत्यू झाले आणि सगळ्या महाराष्ट्राचं लक्ष इकडे वळलं. तेव्हापासून आरोग्याच्या योजना वाढल्या, पण स्थलांतराची ही वर्षाची फेरी थांबली नाही.

काही घरांपुरती ती थांबवली ती मोगऱ्याने. रोजगार हमीतून लावलेल्या मोगऱ्याच्या कळ्या पहाटेच खुडल्या जातात आणि मुंबईच्या फुलबाजाराकडे रवाना होतात. बाजार तोच, मुंबई तीच. पण इथे विकणारा आपल्या मालाचा भाव विचारू शकतो. पाण्याच्या बाबतीत त्याला कुणी विचारलेलंच नाही.

विचारायची वेळ मात्र आलेली आहे. ३ मे २०१० रोजी केंद्र, महाराष्ट्र आणि गुजरात यांनी दमणगंगा-पिंजाळ आणि पार-तापी-नर्मदा या नदीजोड प्रकल्पांच्या आराखड्यांसाठी करार केला. दमणगंगेवर भुगड, वाघ नदीवर जव्हार तालुक्यात खारगीहिल अशी दोन धरणं बांधायची, ते पाणी पिंजाळ धरणात आणायचं आणि पुढे मुंबईला द्यायचं. पिंजाळ धरणाची जागाही जव्हार तालुक्यातच, खिडशाजवळ. त्याचं एकट्याचं पाणी रोज ८६५ दशलक्ष लिटर धरलेलं आहे. फेब्रुवारी २०२२ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात या जोडप्रकल्पांची नावं आली. दक्षिण गुजरातचे आदिवासी रस्त्यावर उतरले आणि त्याच वर्षी गुजरात सरकारला पार-तापी-नर्मदा बाजूला ठेवावा लागला. पिंजाळकडचा प्रस्ताव उभा आहे.

जव्हार आणि मोखाडा दोन्ही अनुसूचित क्षेत्रात आहेत. १९९६ च्या पेसा कायद्यानुसार जमीन संपादनापूर्वी ग्रामसभेशी विचारविनिमय सक्तीचा आहे. २०१४ मधल्या राज्यपालांच्या अधिसूचनेने आदिवासी उपयोजनेचे ५ टक्के थेट या भागातल्या ग्रामपंचायतींना मिळू लागले. म्हणजे पैसा पाड्यापर्यंत पोहोचवायची वाट तयार आहे. पिंजाळच्या प्रत्येक हजार लिटरमागे ठरावीक रक्कम याच वाटेने पाणलोटातल्या ग्रामसभांना द्यावी, धरणाचं पहिलं पाणी बुडितालगतच्या पाड्यांच्या नळाला जोडावं आणि ते जोडल्याशिवाय मुंबईकडचा झडपदरवाजा उघडू नये, एवढं करारात लिहून घ्यायला हवं. २०१० च्या कराराला तीन पक्ष होते. पुढच्या करारात चौथी सही ग्रामसभांची हवी, आणि ती सर्वेक्षणाचे दगड रोवले जाण्यापूर्वी.