पैलवानाचा खांदा

शाहू महाराजांच्या काळात, १९१२ साली उभ्या राहिलेल्या कोल्हापूरच्या खासबाग मैदानात दोन्ही खांदे मातीला टेकले की पैलवान चितपट. पण हा खांदा बांधलाय तरी कसा? अख्खा हात धडाला हाडाने जोडलेला असतो तो एकाच जागी, कॉलरबोन छातीच्या हाडाला भेटते तिथे. पाठीवरचा फरा स्नायूंच्याच आधाराने बरगड्यांवरून सरकतो. त्यावरच्या उथळ खोबणीत दंडाच्या हाडाचा गोल माथा, बशीत लिंबू ठेवावं तसा. म्हणून हात चौफेर फिरतो, आणि मोठ्या सांध्यांत सर्वाधिक निखळतोही हाच! कॉलरबोन गर्भात सर्वांत आधी हाड बनू लागते, पण तिचं आतलं टोक पंचविशीच्या आसपास जुळतं. विशीतला गडी कितीही दांडगा असो, हाडाने अजून कोवळाच.