संयोजकाचे श्रेय

१९७७ च्या ‘अमर अकबर अँथनी’ या चित्रपटाने अँथनी गोन्साल्विस हे नाव खेड्यापाड्यांत पोहोचविले. आमच्या गोंडपिपरीतही ते ठाऊक नसलेला मनुष्य विरळा. परंतु या नावाचा खराखुरा व्हायोलिनवादक होऊन गेला, तो संगीतकार प्यारेलाल यांचा गुरू होता आणि शिष्याच्या आदरापोटीच ते नाव चित्रपटात आले, हे फार थोड्यांना माहीत असते.

गोन्साल्विस यांचा जन्म १९२७ मध्ये गोव्यातील माजोर्डा येथे झाला. चर्चच्या शाळांत पाश्चात्त्य स्वरलेखन शिकलेले अनेक गोवेकर वादक त्या काळी मुंबईच्या चित्रपटसृष्टीत काम करीत. १९४३ मध्ये तेही तेथे आले. चाल संगीत दिग्दर्शकाची असे. मात्र कोणत्या वाद्याने कोठे काय वाजवावे, हे कागदावर उतरविणारा संयोजक पुष्कळदा निराळा असे. हे काम केवळ कारकुनीचे नव्हते. आपला राग एकाच स्वरधारेतून उलगडतो. पाश्चात्त्य वाद्यवृंद अनेक स्वर एकाच वेळी उभे करतो. त्या गर्दीत एखादा वर्ज्य स्वर शिरला, की रागाचे रूपच बिघडते. हा पेच सोडविण्याच्या ध्यासातून गोन्साल्विस यांनी सारंग रागात कॉन्चेर्टो रचला आणि १९५८ मध्ये शंभरावर वादक जमवून मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयात अशा रचनांचा कार्यक्रम केला. लता मंगेशकर व मन्ना डे त्यात गायले.

हा उपक्रम टिकला नाही, याचे अर्थशास्त्राच्या अभ्यासकास नवल वाटू नये. एवढ्या वादकांचा खर्च तिकिटांतून निघत नाही. युरोपातही असे वृंद बव्हंशी अनुदाने व देणग्या यांवरच उभे आहेत. १९६५ च्या सुमारास गोन्साल्विस अमेरिकेस गेले. परतल्यावर ते चित्रपटसृष्टीपासून दूर, गोव्यातच राहिले आणि जानेवारी २०१२ मध्ये निवर्तले. त्याच वर्षी प्रताधिकार कायद्यात दुरुस्ती होऊन चित्रपटगीतांच्या स्वामित्वधनात गीतकार व संगीतकार यांचा वाटा सुरक्षित झाला. परंतु कायद्याच्या लेखी संगीतकार म्हणजे संगीत रचणारा, मग त्याने ते लिहून काढलेले असो वा नसो. लिहून काढणाऱ्या संयोजकाच्या पदरी ठरलेल्या मेहनतान्यापलीकडे काय पडते?

हा प्रश्न केवळ मुंबईचा नव्हे. आपल्या झाडीपट्टीत दिवाळीनंतर रात्ररात्र नाटके रंगतात. ऑर्गन, तबला, ऑक्टोपॅड यांचा मेळ घालून दंडार-लावणीपासून चित्रपटगीतापर्यंत सारे निभावून नेणारे वादक रंगमंचापुढे बसलेले असतात. नाटकाच्या हँडबिलावर त्यांची नावे कोठे आणि केवढ्या टाइपात असतात, हे वाचकांनीच पाहावे. नाटक ठरविणाऱ्या गावोगावच्या मंडळांनी येत्या हंगामात एवढी एक अट घालावी, की प्रत्येक वादकाचे नाव नटांच्या बरोबरीने छापले जावे. वाद्यवृंद पोसावयास अनुदान लागते. श्रेय देण्यास लागत नाही.